हजेरीची मेडलं

मल्लेश्वरम,
८ जानेवारी २०२५

देवव्रत, आईचे आशीर्वाद. स्मृतीलाही सांग.

पोस्टातली बाई लिफाफा हातात घेऊन हसली. म्हणाली, "अम्मा, जे. पी. नगरला पत्र? मेट्रोत बसा की, एकच गाडी, बदलायलाही नको." मी म्हटलं, गाडी एकच आहे, पण फोन केला की मुलगा मीटिंगमध्ये असतो. पत्राला मीटिंग नसते. ते दाराखालून आत सरकतं आणि गुपचूप पडून राहतं. तुला सवड होईल तेव्हा वाच.

खास काही नाही. पुढच्या महिन्यात, सोळा तारखेच्या रविवारी, तुझ्या अप्पांच्या फौजेतल्या जुन्या कंपनीचा मेळावा आहे, आणि यंदा तो बेंगळुरूत आहे. दर वर्षी कुठे कुठे भरतो, यंदा आपल्या दारात आला. सगळे निवृत्त झालेले येणार, बायकामुलांसकट. सकाळी स्मारकापाशी फुलं वाहायची, मग नावं पुकारायची, मग जेवण. बोलावणं आलं तेव्हा ह्यांनी ते वाचलं, घडी घातली आणि म्हणाले, "गुडघा दुखतो."

गुडघा दुखतो हे खोटं आहे. काल संपिगे रोडवरून दोन नारळ आणि पाच किलो तांदूळ चालत आणले. रिक्षावाला मागे लागला तर त्यालाच "बेडा, बेडा" करून हाकलला.

खरं कारण तुला माहीत आहे आणि मलाही. मेळाव्याला मेडलं लावून जायचं असतं. ब्लेझर, त्यावर डाव्या बाजूला पट्टी. आणि ती पट्टी तुझ्या वास्तुशांतीच्या दिवसापासून मैसूर पाकाच्या रिकाम्या डब्यात पडली आहे. आता तीन वर्षं होतील.

मी तो दिवस उकरून काढत नाही. पण तू बघितलंस की नाही मला माहीत नाही, म्हणून सांगते. तू तुझ्या ऑफिसच्या लोकांसमोर हसत म्हणालास, "अप्पा, काढा हो ती. ही हजेरीची मेडलं. आमच्या कंपनीतसुद्धा पाच वर्षं भरली की देतात." लोक हसले. हे पण हसले. मग बाल्कनीत गेले, पट्टी काढली, रुमालात गुंडाळून खिशात ठेवली, परत आले आणि पोटभर जेवले. पुरणाची होळीगे दोनदा मागून घेतली.

तू ये असं मी म्हणत नाही. मेळावा आहे, एवढं कळवलं.

तुझी आई,
सोयराबाई

ता.क. होळीगेसुद्धा पत्राबरोबर पाठवली असती. पण लिफाफ्यात मावत नाही.


मल्लेश्वरम,
२७ जानेवारी २०२५

देवव्रत,

तुझा मेसेज मिळाला. "आई, पत्र मिळालं. बघतो." बघतो म्हणजे काय ते मी अडतीस वर्षं बघते आहे. शाळेत असताना भांडी घासून ठेव म्हटलं की हेच म्हणायचास.

काल सव्वीस जानेवारी. सकाळी हे टीव्हीपुढे नेहमीच्या जागेवर, ताठ. परेड संपली तरी उठले नाहीत. दुपारी पेपरात शौर्यपदकं मिळालेल्यांची नावं होती, ती चष्मा लावून एकेक वाचली. दर वर्षी वाचतात. ओळखीचं कुणी नसतं आता, सगळी नवी पोरं. तरी प्रत्येक नावाला थोडी मान हलवतात.

मी सहज विचारलं, एवढ्या लोकांतून ही नावं निवडतं कोण? तर चक्क बोलायला लागले. माणूस रोज चार वाक्यं बोलतो, काल चाळीस बोलला. म्हणाले, कुणी शूरपणा केला की आधी पलटणीत लिहून काढतात, काय केलं, कुठे, कसं. नुसतं लिहून भागत नाही. ज्यानं डोळ्यांनी बघितलं त्याची साक्ष लागते. मग ते कागद ब्रिगेडला जातात, तिथून डिव्हिजनला, असं चढत चढत दिल्लीपर्यंत. प्रत्येक पायरीवर कुणीतरी विचारतो, हे एवढं मोठं आहे का? कुठे कात्री लागते, कुठे पदक एक पायरी खाली येतं. "आणि साक्ष नसेल तर," म्हणाले, "माणसानं डोंगर उचलला असला तरी तो डोंगर जागेवरच राहतो."

मग मी विचारलं, तुमची सहा मेडलं? हसले. "ती मिळवायला साक्ष लागत नाही. तिथं होतो हे रेकॉर्डला आहे. हजेरी."

देवव्रत, तो शब्द त्यांनी वापरला. तुझाच शब्द. राग नव्हता त्यात, म्हणूनच मला जास्त लागलं.

आता माझं ऐक. तू म्हणालास त्यात निम्मं खरं होतं, हे मी कधी नाकारलं नाही. तुझा हात मोडला तेव्हा हे नव्हते. तुझ्या दहावीच्या, एस.एस.एल.सी.च्या निकालाला नव्हते. तुझ्या मुंजीला आले ते दुसऱ्या दिवशी, गाडी उशिरा पोचली म्हणून. तिकडची हजेरी भरली ती इकडची बुडवून, हे तुझं दुखणं आहे आणि ते खोटं नाही. मी पण त्यावेळी देवासमोर बसून ह्यांना शिव्या दिल्या आहेत.

पण ती मेडलं मी स्वतः शिवली आहेत. छावणीतल्या शिंप्याकडून फीत आणायची, कुठलं आधी, कुठलं नंतर, ते ठरलेलं असतं. मोठ्या मानाचं छातीच्या मध्याकडे, नोकरीच्या वर्षांचं बाहेरच्या टोकाला. एक सियाचीनचं आहे. ते तिथं राहिलेल्या सगळ्यांना मिळतं, होय. पण तिथं राहायचं म्हणजे काय? तिथून आलेल्या ह्यांच्या पत्रात शाईऐवजी पेन्सिल असायची, कारण शाई गोठायची. फीत शिवताना मला दर वेळी ती पेन्सिल आठवते.

पलीकडच्या गल्लीतल्या भागुबाईंना तू ओळखतोस, त्यांचे यजमान ह्यांच्याच पलटणीत होते, ड्युटीवर असतानाच वारले. त्या मेळाव्याला दर वर्षी जातात, यजमानांची मेडलं साडीवर लावून. उजव्या बाजूला. तशी रीत आहे. ज्यानं मिळवली तो डावीकडे लावतो. तो गेला, की त्याची माणसं उजवीकडे. काल संध्याकाळी भाजी घेताना त्या मला म्हणाल्या, "अक्का, मला उजवीकडं लावावी लागतात. तुमच्या माणसाला डावीकडं लावता येतात, आणि ते डब्यात ठेवतात? असं कसं हो?"

मी मेथी घेतली आणि घरी आले.

तू ये असं अजूनही म्हणत नाही.

आई


मल्लेश्वरम,
५ फेब्रुवारी २०२५

देवव्रत,

हे पत्र शांतपणे वाच. कामाच्या मध्ये नको.

आपल्याकडे हणमंतराव आले आहेत. तुला अंधुक आठवत असतील, बेळगावकडचे, मोठ्या मिशांचे. तू लहान असताना तुला खांद्यावर बसवून लालबागेत फिरवलं होतं. ह्यांच्याबरोबर सियाचीनला होते. त्यांना तिथल्याच कामासाठी सेना मेडल मिळालं, शौर्याचं. मेळाव्याला दहा दिवस आधीच आले, कारण त्यांना कुणीतरी ह्यांच्याबद्दल कळवलं की जयसिंगराव येत नाही म्हणतो. कोणी कळवलं ते विचारू नकोस.

आल्या आल्या पाणीसुद्धा न घेता म्हणाले, "वहिनी, ह्याचा गुडघा दाखवा मला." मी म्हटलं, गुडघा ठीक आहे. "ते मला ठावं आहे की," म्हणाले आणि मिशीत हसले.

आज दुपारी जेवणं झाली. दोघं बाहेरच्या खोलीत, मी स्वयंपाकघरात ताक घुसळत होते. मधलं दार उघडंच असतं आपलं. जे ऐकलं ते तसंच लिहिते.

हणमंतराव म्हणाले, "तीस वर्षं झाली. आता तरी कबूल कर. खुंटी सुटली होती."

ह्यांनी पेपर उघडला.

तुला गोष्ट घरात सांगितलेली आहे तेवढीच माहीत. चौघं जण एका दोरीनं एकमेकांना बांधून बर्फावरून चालले होते. पुढचे दोघं बर्फातल्या भेगेत पडले, खोल. हणमंतराव दोरीनं खाली उतरले, त्या दोघांना बांधलं, अंगाशी धरून जिवंत ठेवलं, ठाण्यावरून तुकडी येईपर्यंत. वर तुझे अप्पा. दोरी बर्फात ठोकलेल्या खुंटीला बांधलेली आणि अप्पा नुसते बाजूला उभे, वायरलेसवर बोलत. असंच ना? आणि डाव्या हाताच्या दोन बोटांची टोकं गेली ती, "थंडीत हातमोजा काढला, मूर्खपणा," असं ते स्वतःच सांगतात. तू लहानपणी त्या बोटांवरून त्यांची थट्टा करायचास, ते पण करून घ्यायचे.

हणमंतराव म्हणाले, "मी खाली होतो. मला वरचं दिसत नव्हतं. पण खुंटीला बांधलेली दोरी श्वास घेत नाही, जयसिंग. माझी दोरी श्वास घेत होती. मी खाली सरकलो की ढिली व्हायची, थांबलो की ताठ. सगळा वेळ. तू हातमोजे काढलेस, कारण त्यांत दोरी घसरत होती. तुकडी आली तेव्हा तू त्यांना म्हणालास, खुंटी आत्ताच उपटली, धरा. मी ऐकलं होतं ते. आत्ता नव्हती उपटली. तू बर्फात बसून दोरी कमरेला गुंडाळली होतीस. तू सुटला असतास तर चौघंही खाली."

मी रवी थांबवली.

मग हे बोलले. अगदी हळू. "कर्नलसाहेबांनी विचारलं, कुणी बघितलं? त्या दोघांना शुद्ध नव्हती. तू स्वतःची साक्ष स्वतः देऊ शकत नव्हतास. उरलो मी. मी माझं पण नाव त्यात घातलं असतं, तर साक्षीदार कोण राहिला असता? दोघांचंही गेलं असतं. आत उतरलास तू. मी काय केलं? जागा सोडली नाही. एवढंच. ते काय सांगायचं?"

हणमंतराव रडत होते, मिशा पुसत. मी दोघांना ताक नेऊन दिलं. ह्यांनी माझ्याकडे बघितलं आणि म्हणाले, "मीठ कमी आहे." मीठ बरोबर होतं.

देवव्रत, मी ह्या माणसाबरोबर बेचाळीस वर्षं संसार केला आणि मला हे आज कळलं. मला राग आला आधी, खरंच. मग अभिमान वाटला, फार. जगात आपल्या छातीवर दिसेल असं काही मिळवायला लोक काय काय करतात, आणि ह्यांनी दुसऱ्याच्या छातीवर दिसावं म्हणून स्वतः बाजूला उभं राहिल्याचं सांगितलं. तेही घरातसुद्धा.

आई


मल्लेश्वरम,
१० फेब्रुवारी २०२५

देवव्रत,

एवढं मोठं पत्र वाचून तू मेसेज केलास, "आई, हे खरं असेल तर अर्ज करता येईल. मी प्रोसेस शोधतो. हणमंतकाकांचं स्टेटमेंट व्हिडिओवर घेऊ."

बाळ, तू शहाणा आहेस, पण कधी कधी अगदी टोणग्यासारखं करतोस. अर्ज करायचा नाही. मुदत केव्हाच गेली, आणि गेली नसती तरी करायचा नाही. ह्यांनी दिलेल्या साक्षीवर हणमंतरावांचं मेडल उभं आहे. त्यातलं एक वाक्य हलवायचं म्हणजे काय, ते तुझ्या लक्षात आलं नाही, पण हणमंतरावांच्या आलं होतं. ते स्वतःचं परत द्यायला तयार होते. ह्यांनी त्यांना घराबाहेर काढायची धमकी दिली. दोन म्हातारे आपल्या व्हरांड्यात एकमेकांवर ओरडत होते आणि वरच्या मजल्यावरच्या बाई खाली येऊन "एनायतु, काय झालं?" म्हणून विचारून गेल्या.

आणि दुसरं. हे मी तुला एवढ्यासाठी कळवलं नाही, की बघ, तुझे अप्पा खरे शूर निघाले, आता त्यांना मान दे. तसं असेल तर ज्यांच्या हातात कधी दोरी आली नाही, नुसते थंडीत उभे राहिले, त्यांचं काय? ह्यांचं म्हणणं ऐकलंस ना? जागा सोडली नाही. तुझ्या भाषेत तीसुद्धा हजेरीच. तू ज्याला हसलास, त्याच्यावर तिघांचे जीव टांगलेले होते. मला एवढंच दाखवायचं होतं.

रविवारी सकाळी नऊला इथून निघायचं आहे. हणमंतरावांनी गाडी ठरवली आहे. हे अजून "गुडघा" म्हणतात. मी काल डबा काढला, पट्टीची फीत फिकट झाली होती ती बदलून आणली, नव्यानं शिवली. शिवून डबा टेबलावर ठेवला. ह्यांनी बघितला, उचलला नाही, आतही ठेवला नाही.

ती पट्टी तुझ्या शब्दानं उतरली. माझ्या शब्दानं किंवा हणमंतरावांच्या शब्दानं ती चढणार नाही. मी दोन पत्रांत "तू ये असं म्हणत नाही" असं लिहिलं. ते खोटं होतं. ये.

आई


मल्लेश्वरम,
१७ फेब्रुवारी २०२५

माझ्या लाडक्या देवव्रत,

काल तू आलास. आता पत्र कशाला, म्हणशील. पण तू जेवण झाल्यावर विमानतळावर निघून गेलास, कामाचं होतं म्हणून, आणि मागचं तुला माहीत नाही. शिवाय मला सवय लागली.

आधी सकाळचं. तू दारात उभा होतास, पहिल्या गाडीनं आलेला, आणि हे पेपर वाचत होते. त्यांनी मान वर केली आणि म्हणाले, "बूट बाहेर." तीन वर्षांनी मुलाला पहिला शब्द तो. तू बूट काढलेस. मग टेबलावरचा डबा उघडलास, पट्टी काढलीस आणि त्यांच्यासमोर उभा राहिलास. मला वाटलं, आता हे उठून आत जातात. नाही गेले. खुर्चीच्या पाठीवरचा ब्लेझर घेतला, अंगात घातला, बटण लावलं आणि सरळ उभे राहिले.

आणि तू पट्टी लावलीस. उजव्या बाजूला.

बाळ, तुझा चेहरा घाबरलेला होता, आणि समोरासमोर उभं राहिल्यावर डावं-उजवं उलटं होतं हे कुणाच्याही लक्षात राहत नाही. भागुबाई दारात आल्या होत्या, यजमानांची मेडलं साडीवर उजवीकडे लावून, त्यांनी तोंडाला पदर लावला. आणि हणमंतराव एवढ्यानं हसले की बाहेरचं कुत्रं भुंकायला लागलं. "अरे पोरा," म्हणाले, "मारलास की रे बापाला! तो बाप जित्ता आहे अजून!"

तू कानापर्यंत लाल झालास. लहानपणी व्हायचास तसा. "सॉरी, अप्पा. सॉरी," म्हणत राहिलास आणि ते नुसतं ह्या चुकीबद्दल नव्हतं, हे खोलीतल्या सगळ्यांना कळलं. ह्यांनी तुझा हात धरला, त्या अर्ध्या बोटांच्या हातानं, पट्टी काढली, तुझ्या हातात परत दिली आणि छातीवर बोट ठेवून दाखवलं. "इकडं. स्वल्प वर. हां, सरी."

मी आत गेले. दूध उतू जातंय म्हटलं. दूध ठेवलेलंच नव्हतं.

मैदानावर जुन्या कंपनीची नावं पुकारली तेव्हा तू माझ्या शेजारीच होतास. जे गेले त्यांच्या नावाला त्यांच्या माणसांनी उत्तर दिलं. भागुबाईंचा आवाज किती स्पष्ट होता. "सुभेदार जयसिंगराव" म्हटल्यावर हे जे ओरडले, ते तू ऐकलंसच. घरी देव्हाऱ्यापुढेसुद्धा ह्यांचा आवाज कधी एवढा निघाला नव्हता. तू माझा हात इतका जोरात दाबलास की बांगडी वाकली. ती तशीच ठेवली आहे मी.

आता मागचं. हणमंतराव रात्रीच्या बसला गेले. आज सकाळी मी उठले तर पट्टी डब्यात नव्हती. देव्हाऱ्याशेजारच्या खिळ्याला ब्लेझर टांगलेला, पट्टी त्यावरच. मी कॉफी दिली.

कॉफी अर्धी झाल्यावर हे म्हणाले, "देवव्रतचं घर त्या दिवशी नीट बघितलंच नाही. गर्दी होती." मी म्हटलं, होय, गर्दी होती. "येत्या रविवारी जाऊन यावं म्हणतो. मेट्रोनं. बदलायलाही लागत नाही." मी म्हटलं, जाऊया की.

मग कप खाली ठेवला. आणि मला विचारलं, अगदी खाली बघून, "तिकडं ब्लेझर घालून गेलं तर चालेल का गं त्याला?"

देवव्रत, हा माणूस कुणाला कधी काही विचारत नाही. मी म्हटलं, त्यालाच विचारते.

म्हणून हे पत्र. पण तू उत्तर पत्रानं नको देऊस, आणि मला तर नकोच. ह्यांना फोन कर. पोस्टाला दोन दिवस लागतात, आणि रविवारला अजून सहा दिवस असून ह्यांनी बुटांना पॉलिश आत्ताच करून ठेवलं आहे.

तुझी आई,
सोयराबाई